हंबोल्ट : चौफुलीवरचा एक अपघात आणि शोकाच्या वाटा

रस्त्यावरील अपघातात दगावलेल्यांची मोजदाद सरकार वर्षाच्या हिशोबाने करते आणि गाव घराच्या हिशोबाने करते. भारतात २०२२ या एका वर्षात रस्ते अपघातांत १ लाख ६८ हजार ४९१ माणसे मृत्युमुखी पडल्याची नोंद केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाने केली आहे. कॅनडात हा वार्षिक आकडा अलीकडच्या काळात साधारण १९०० च्या घरात राहिला आहे. या मोजणीत सोळा मृत्यू सहज विरून जातात. तरीही ६ एप्रिल २०१८ रोजी कॅनडाच्या सस्कॅचवान प्रांतात एका चौफुलीवर झालेल्या सोळा मृत्यूंमुळे सहा हजारांहून कमी वस्तीचे हंबोल्ट हे गाव जगाच्या नजरेत आले, त्या गावासाठी ऐंशी देशांतून पैसा आला, देशाचे पंतप्रधान शोकसभेला जाऊन बसले, आणि एका खंडप्राय देशाला मालट्रक कोण चालवतो, किती शिकून चालवतो, हा प्रश्न प्रथमच गांभीर्याने विचारावा लागला. असे का घडले आणि त्यातून काय सुटले, काय सुटले नाही, याचा शोध हा या व्याख्यानाचा विषय आहे. शोक ज्या वाटांनी वाहतो त्या वाटा आधीच्या नात्यांनी आखून दिलेल्या असतात, म्हणून तो माणसांपर्यंत चटकन पोहोचतो. ज्या रस्त्याने, ज्या परवाना पद्धतीने आणि ज्या धंद्याच्या घाईने ती माणसे मारली, तिथपर्यंत पोहोचायला त्याला फार उशीर लागतो, असे येथील प्रतिपादन आहे.

प्रथम घटना. हंबोल्ट ब्रॉन्कोज हा आइस हॉकीचा संघ शुक्रवारी दुपारी बसने उत्तरेकडील निपाविन या गावी निघाला होता. प्रांतिक लीगच्या उपांत्य फेरीतील मालिकेचा पाचवा सामना त्या रात्री तेथे व्हायचा होता. टिस्डेल गावाच्या उत्तरेला सुमारे तीस किलोमीटरवर महामार्ग क्र. ३५ आणि महामार्ग क्र. ३३५ एकमेकांना काटकोनात छेदतात. या जागेला आर्मली कॉर्नर म्हणतात. बस क्र. ३५ वरून उत्तरेकडे जात होती आणि तिला थांबण्याचे कारण नव्हते. क्र. ३३५ वरून पश्चिमेकडे येणाऱ्या वाहनाला मात्र तेथे थांबणे बंधनकारक होते. त्यासाठी मोठ्या आकाराची थांबा-पाटी होती, तिच्यावर लाल दिवा उघडझाप करीत होता आणि तिच्या अलीकडे चौफुली येत असल्याचे सांगणाऱ्या आणखी चार पाट्या होत्या. पीट मॉस, म्हणजे बागकामात वापरल्या जाणाऱ्या वाळलेल्या शेवाळाच्या गासड्या घेऊन दोन ट्रेलर ओढणारा एक ट्रक या सर्व पाट्या ओलांडून, ताशी ८६ ते ९६ किलोमीटरच्या वेगाने चौफुलीत शिरला. बसचा वेग ताशी ९६ ते १०७ किलोमीटरच्या दरम्यान होता. बसचालकाने ब्रेक दाबल्याच्या खुणा रस्त्यावर सापडल्या, परंतु एवढ्या वेगात आणि एवढ्या थोड्या अंतरात त्याच्या हाती काहीच उरले नव्हते, असा तपासाचा निष्कर्ष निघाला. समोर ट्रकने रस्त्याची संपूर्ण रुंदी अडवली होती. हवा स्वच्छ होती, सूर्य ट्रकचालकाच्या डोळ्यांवर नव्हता, त्याने मद्य किंवा अमली पदार्थ घेतले नव्हते, तो फोनवर बोलत नव्हता. मागच्या ट्रेलरवरील ताडपत्री सुटून फडफडत असल्याने त्याचे लक्ष आरशाकडे होते, एवढाच खुलासा पुढे न्यायालयात झाला. बसमध्ये एकोणतीस जण होते. त्यांपैकी सोळा जणांचा मृत्यू झाला : दहा खेळाडू, दोन प्रशिक्षक, एक शरीरोपचारतज्ज्ञ, एक रेडिओ समालोचक, सामन्यांची आकडेवारी ठेवणारा एक तरुण स्वयंसेवक, आणि बसचालक. तेरा जण जखमी झाले. ट्रकचालकाला इजा झाली नाही.

या संघाचे गावाशी नाते काय होते, हे समजल्याशिवाय पुढचे काहीच समजणार नाही. ब्रॉन्कोज हा ज्युनिअर दर्जाचा संघ आहे, म्हणजे त्यात सोळा ते वीस-एकवीस वर्षे वयाची मुले खेळतात, त्यांना पगार नसतो, आणि बहुतेकांना आशा असते ती या खेळाच्या बळावर एखाद्या विद्यापीठाची शिष्यवृत्ती मिळण्याची. संघ १९७० मध्ये स्थापन झाला, तो कोणा उद्योगपतीच्या मालकीचा नसून गावाचा आहे, स्वयंसेवकांच्या मंडळामार्फत चालतो, आणि त्याने राष्ट्रीय पातळीवरचे अजिंक्यपद २००३ आणि २००८ अशा दोन वर्षी जिंकले आहे. यातली बहुतेक मुले गावातली नसतात. ती शेजारच्या अल्बर्टा प्रांतातून, सस्कॅचवानच्या दूरच्या गावांतून येतात, आणि हंगामभर स्थानिक कुटुंबांत राहतात. अशा कुटुंबाला तिकडे बिलेट कुटुंब म्हणतात. या व्यवस्थेत यजमान कुटुंबाला थोडाफार भत्ता मिळतो, पण मुलाचे जेवणखाण, कपडे, शाळा, वेळेवर झोपणे, हरल्यावर समजूत घालणे हे सगळे ते कुटुंब आपलेपणाने करते. परगावी शिकायला ठेवलेल्या मुलाला नात्यातल्या घरी जो जिव्हाळा मिळावा, तो येथे नात्याबाहेरच्या घरी मिळतो, आणि तो वर्षानुवर्षे मिळत आल्यामुळे गावातील कित्येक घरांच्या भिंतींवर आपल्या मुलांच्या छायाचित्रांबरोबर या पाहुण्या मुलांची छायाचित्रेही लागलेली असतात. गहू आणि मोहरीवर्गीय कॅनोला पिकवणाऱ्या या सपाट मुलखात हिवाळा पाच-सहा महिने टिकतो, आणि त्या काळात बर्फाचे मैदान, ज्याला रिंक म्हणतात, तेच गावाचे चावडीसारखे एकत्र येण्याचे ठिकाण होते. तेव्हा या अपघातात हंबोल्टने आपल्या पोटची मुले क्वचितच गमावली, पण आपल्या ताटात जेवणारी मुले गमावली. बिलेट आईवडिलांना शोकसभेत कोठे बसायचे, रुग्णालयात कोणाच्या परवानगीने आत जायचे, हे ठरवून देणारा कोणताही नियम नव्हता. कायदा ज्यांना परके मानतो आणि व्यवहार ज्यांना पालक मानतो, अशा माणसांचे दुःख कोणत्या रकान्यात लिहायचे, हा प्रश्न तेथे पहिल्याच रात्री उभा राहिला, आणि तो नीटसा कधीच सुटला नाही.

त्याच रात्री आणखी एक भीषण गोष्ट घडत होती. जखमींना जवळच्या टिस्डेल आणि निपाविनच्या छोट्या रुग्णालयांत व तेथून काहींना हवाई रुग्णवाहिकेने सस्कॅटूनच्या रॉयल युनिव्हर्सिटी रुग्णालयात हलवण्यात आले. मृतदेहही सस्कॅटूनमध्येच आणण्यात आले. संघातील मुलांनी अंतिम फेऱ्यांच्या हंगामातील प्रथेप्रमाणे केस एकाच सोनेरी रंगात रंगवले होते, वय आणि बांधा सारखाच होता, चेहऱ्यांवर जखमा होत्या. ओळख पटवण्याचे काम डोळ्यांनी पाहून झाले, आणि त्यात दोन मुलांची अदलाबदल झाली. एका कुटुंबाला मुलगा गेल्याचे कळवण्यात आले, दुसरे कुटुंब रुग्णालयात ज्या खाटेशेजारी बसले होते त्या खाटेवर त्यांचा मुलगा नव्हता. ९ एप्रिल रोजी प्रांताच्या न्यायखात्याने ही चूक जाहीर करून क्षमा मागितली. एका घराला मुलगा परत मिळाला आणि त्याच क्षणी दुसऱ्या घरातून तो हिरावला गेला. या दोन्ही घरांतील माणसांनी त्यानंतर एकमेकांविषयी जाहीरपणे कटुतेचा एक शब्दही काढला नाही, याची नोंद कोणत्याही अहवालापेक्षा अधिक आदराने घ्यायला हवी. पुढे प्रांताच्या मृत्यू-अन्वेषण विभागाने, म्हणजे अनैसर्गिक मृत्यूंची चौकशी करणाऱ्या कार्यालयाने, सामूहिक मृत्यूच्या प्रसंगी ओळख निश्चित करण्याची पद्धत सुधारण्याची शिफारस केली.

महाराष्ट्राला ही अडचण अपरिचित नाही. १ जुलै २०२३ च्या पहाटे नागपूरहून पुण्याकडे निघालेली खाजगी बस समृद्धी महामार्गावर बुलढाणा जिल्ह्यात सिंदखेडराजाजवळ उलटून पेटली आणि २५ प्रवासी जळून मरण पावले. देह ओळखण्यापलीकडे गेल्याने बुलढाण्यात बहुतेकांचे अंत्यसंस्कार सामूहिक करावे लागले. तेथील प्रवासी एकमेकांना अनोळखी होते, तिकिटापलीकडे त्यांच्यात नाते नव्हते, आणि वर्ध्यापासून पुण्यापर्यंत विखुरलेल्या त्यांच्या घरांना एकत्र आणणारी कोणतीही संस्था नव्हती. याच्या उलट २८ जुलै २०१८ रोजी, हंबोल्टनंतर चारच महिन्यांनी, दापोलीच्या डॉ. बाळासाहेब सावंत कोकण कृषी विद्यापीठातील कर्मचाऱ्यांची महाबळेश्वरकडे निघालेली बस आंबेनळी घाटात दरीत कोसळून ३० जण दगावले आणि एकच जण वाचला. त्या वेळी एका संस्थेतल्या आणि एका तालुक्यातल्या जवळजवळ प्रत्येक आळीत माणूस गेले होते. या दोन्ही प्रसंगांतील दुःखात डावे-उजवे करणे शक्य नाही. परंतु त्यानंतर मदत कोणी मागायची, चौकशीचा पाठपुरावा कोणी करायचा, वर्षश्राद्धाच्या दिवशी एकत्र कोठे जमायचे, या साध्या गोष्टी ज्यांच्यामध्ये आधीचे नाते होते त्यांना करता येतात, आणि ज्यांच्यात ते नव्हते त्यांच्यातील प्रत्येकाला सरकारी कचेरीच्या खिडकीशी एकटे उभे राहावे लागते. हंबोल्टकडे जगाचे लक्ष गेले त्यामागे तेथील माणसे अधिक शोकाकुल होती हे कारण नव्हते. त्यांच्या शोकाला धरून ठेवणारी एक तयार चौकट होती, हे होते.

त्या चौकटीतून शोक विलक्षण वेगाने पसरला. ८ एप्रिलला गावातील एल्गर पीटरसन अरीना या रिंकमध्येच सर्वधर्मीय प्रार्थनासभा झाली. एका समालोचकाच्या सूचनेवरून देशभर लोकांनी रात्री घराच्या ओसरीत हॉकीची काठी टेकवून ठेवली आणि दिवा लावला, म्हणजे त्या मुलांना हवी असेल तर ती हाताशी असावी. १२ एप्रिलला शाळांत आणि कार्यालयांत लोक खेळाची जर्सी घालून गेले. मृतांपैकी लोगन बुले या खेळाडूने वयाची एकवीस वर्षे पूर्ण होताच अवयवदानाची नोंदणी केली होती, कारण त्याच्या एका शारीरिक प्रशिक्षकाने आदल्या वर्षी मृत्यूनंतर अवयवदान केले होते. त्याचे अवयव सहा जणांना मिळाले, आणि हे कळताच हजारो कॅनेडियन नागरिकांनी अवयवदानाची नोंदणी केली. ७ एप्रिल हा त्याच्या स्मरणार्थ आता हिरव्या शर्टाचा दिवस म्हणून पाळला जातो. या सर्व घडामोडींत एक गोष्ट समान दिसते : प्रत्येक कृती साधी आहे, ती घरबसल्या करता येते, आणि तिच्यात मृताशी व्यक्तिगत नाते जोडले जाते.

पैशाची कहाणी अधिक गुंतागुंतीची आहे आणि तिच्याकडे थोडे थांबून पाहणे आवश्यक आहे. गोफंडमी या इंटरनेटवरील वर्गणी-व्यवस्थेवर एका गावकरी स्त्रीने अपघाताच्या रात्रीच एक आवाहन टाकले. त्यातून १ लाख ४० हजारांहून अधिक देणगीदारांकडून दीड कोटी कॅनेडियन डॉलरपेक्षा जास्त रक्कम जमली. त्या देशात तोवर अशा मार्गाने एवढा निधी कधीच उभा राहिला नव्हता. आता प्रश्न वाटपाचा होता. सस्कॅचवानमध्ये अशा उत्स्फूर्त वर्गणीवर न्यायालयाची देखरेख ठेवणारा कायदा आहे, त्यामुळे एक सल्लागार समिती नेमण्यात आली आणि तिने प्रत्येक कुटुंबाशी बोलून शिफारस केली. कुटुंबे एकसारखी नव्हती. कोणाच्या घरचा कर्ता पुरुष गेला होता, कोणाचा अठरा वर्षांचा मुलगा. जखमींपैकी कोणी काही महिन्यांत पुन्हा बर्फावर उतरणार होते, कोणाला कमरेखालच्या भागाला आयुष्यभरासाठी लुळेपणा आला होता, कोणाच्या मेंदूला इजा झाली होती. गरजेनुसार वाटायचे तर गरज मोजावी लागली असती, आणि गरज मोजणे म्हणजे एका घराच्या दुःखाला दुसऱ्या घराच्या दुःखाशी ताजव्यात घालणे. समितीने ते नाकारले. मृतांच्या प्रत्येक कुटुंबाला ५ लाख २५ हजार डॉलर आणि वाचलेल्या प्रत्येकाला ४ लाख ७५ हजार डॉलर, असे जवळजवळ समान वाटप सुचवले गेले आणि न्यायालयाने ते मान्य केले.

या निर्णयावर दोन्ही बाजूंनी बोलण्यासारखे आहे. ज्या तरुणाला पुढची पन्नास वर्षे चाकांच्या खुर्चीत काढायची आहेत, त्याच्या औषधोपचारांना आणि घरातील बदलांना लागणारा खर्च पाहता समान रक्कम हा अन्याय वाटू शकतो. पण ही रक्कम नुकसानभरपाई नव्हती. नुकसानभरपाई ठरवण्याचे काम दिवाणी न्यायालयाचे आणि विम्याचे असते. ही लोकांनी सर्वांसाठी म्हणून दिलेली वस्तू होती, आणि ती सर्वांची म्हणूनच वाटली गेली. समितीने एकोणतीस घरांना एकमेकांचे प्रतिस्पर्धी होऊ दिले नाही, ही तिची सर्वांत मोठी कामगिरी मानावी लागेल. वाटपाच्या भांडणात शोक करणारी घरे कायमची दुरावल्याची उदाहरणे सर्वच समाजांत आढळतात, मग ती शेतजमिनीची भरपाई असो की सानुग्रह अनुदान.

संघाचे काय करायचे, याविषयीही गावाने असाच एक निर्णय घेतला, मात्र तो निर्विवाद योग्य होता असे म्हणता येत नाही. १२ सप्टेंबर २०१८ रोजी, अपघाताला अर्धे वर्षही झालेले नसताना, ब्रॉन्कोज पुन्हा मैदानात उतरले. समोर त्याच निपाविनचा संघ होता, वाचलेल्यांपैकी दोन खेळाडू बर्फावर होते, देशभर दूरचित्रवाणीवर तो सामना जाहिरातींविना दाखवण्यात आला, आणि हंबोल्ट तो २–१ असा हरले. जे नवे खेळाडू त्या हंगामात दाखल झाले त्यांच्यावर केवढे ओझे होते याची कल्पना करणेही कठीण आहे. याच प्रांतात ३० डिसेंबर १९८६ रोजी स्विफ्ट करंट या गावाच्या संघाची बस बर्फावरून घसरून चार खेळाडू मरण पावले होते. त्या वेळी वाचलेल्या मुलांना मानसोपचाराची कोणतीही मदत मिळाली नाही. संघ दहा-बारा दिवसांतच पुन्हा खेळू लागला, १९८९ मध्ये त्याने मेमोरियल कप हा देशातील प्रतिष्ठेचा चषक जिंकला, आणि विजय मिळाला म्हणजे जखम भरली, असे सर्वांनी गृहीत धरले. ती भरलेली नव्हती, हे त्या संघातील खेळाडूंनी पुढे स्वतःच सांगितले. २०१८ मध्ये त्यांच्यापैकी शेल्डन केनेडी यांच्यासारखे माजी खेळाडू हंबोल्टला गेले, रुग्णालयात वाचलेल्यांना भेटले, आणि बोलत राहा, मदत घ्या, हे त्यांना सांगू शकले. एका गावाने तीस वर्षे मूकपणे सोसलेले दुसऱ्या गावाच्या कामी आले, ही या प्रकरणातील फार मोलाची बाब आहे. वाचलेल्यांपैकी एक गोलरक्षक पुढे अपंगांच्या नौकानयनाकडे वळला आणि २०२४ च्या पॅरिस पॅरालिम्पिकमध्ये कॅनडाकडून उतरला.

आता त्या चौफुलीकडे वळावे लागेल, जिच्याकडे वळायला शोकाला वेळ लागला. ज्या काठ्या ओसरीत ठेवल्या गेल्या त्यांच्याकडून रस्ता सुधारत नाही. आर्मली कॉर्नरवर हा पहिला अपघात नव्हता. १९९७ मध्ये याच ठिकाणी थांबा-पाटीपाशी न थांबलेली एक गाडी ट्रकवर आदळून तिच्यातील सहा जण मरण पावले होते. त्यांच्या स्मरणार्थ लावलेले सहा क्रूस २०१८ मध्ये तेथे उभेच होते. म्हणजे जागा धोकादायक असल्याची नोंद तेथेच, रस्त्याच्या कडेला, एकवीस वर्षे होती. ते मेलेले लोक कोणत्याही संघाचे नव्हते, त्यांच्यासाठी ऐंशी देशांतून पैसा येण्याचे कारण नव्हते, आणि त्यांच्या मृत्यूने चौफुलीची रचना मुळापासून तपासली जावी एवढा दबाव निर्माण झाला नाही. २०१८ च्या अपघातानंतर प्रांताने एका सल्लागार अभियंता-संस्थेकडून जागेची पाहणी करून घेतली आणि डिसेंबरमध्ये तो अहवाल प्रसिद्ध झाला. त्यातील मुख्य मुद्दा दृश्यतेचा होता. चौफुलीकडे येणाऱ्या दोन वाहनांना एकमेकांना वेळेत पाहता यावे यासाठी दोन्ही रस्त्यांच्या मधला जो त्रिकोणी भूभाग मोकळा असावा लागतो, त्यात आग्नेय बाजूला झाडांची गर्द रांग होती आणि ती काही अंशी खाजगी जमिनीत होती. झाडे काढणे, रस्त्यावर थांबण्याची सूचना रंगवणे, आणि चाकांना हादरे व चालकाच्या कानांना खडखडाट देणारे रंबल स्ट्रिप, म्हणजे डांबरातले खडबडीत आडवे पट्टे बसवणे, अशा शिफारशी त्यात होत्या. यातली एकही गोष्ट महाग नव्हती, नव्याने शोधून काढलेली नव्हती. ज्या चालकाचे लक्ष आरशाकडे आहे त्याला पाटी दिसत नाही, पण गाडी खडखडू लागली तर तो निदान समोर पाहतो, एवढे ज्ञान १९९७ मध्येही उपलब्ध होते.

चालकाच्या शिक्षणाची गोष्ट याहूनही अस्वस्थ करणारी आहे. कॅनडात जड ट्रक चालवण्याचा परवाना देण्यापूर्वी ठरावीक तासांचे प्रशिक्षण सक्तीचे करणारा पहिला प्रांत ओंटारिओ होता आणि त्याने ते २०१७ मध्ये केले. सस्कॅचवान आणि अल्बर्टा येथे २०१८ पर्यंत परीक्षा उत्तीर्ण होणे पुरेसे होते. त्यापूर्वी किती तास गाडीत बसलात, हे विचारले जात नव्हते. या ट्रकचा चालक कॅल्गरीतील एका छोट्या वाहतूक कंपनीत लागून जेमतेम काही आठवडे झाले होते, आणि थोडे दिवस दुसऱ्याबरोबर गेल्यावर दोन ट्रेलर ओढणारा तो अजस्र ट्रक त्याच्या एकट्याच्या हाती देण्यात आला होता. अपघातापूर्वीच्या अकरा दिवसांत त्याच्या कामाच्या तासांच्या आणि तपासणीच्या नोंदींत नियमांचे ७० भंग आढळले. ट्रकचालकाने किती वेळ चालवले, किती वेळ विश्रांती घेतली, गाडीची पाहणी केव्हा केली, हे लिहून ठेवण्याची ती वही असते, आणि ती तपासण्याची जबाबदारी मालकाचीही असते. कंपनीच्या मालकाला नोंदींसंबंधीच्या गुन्ह्यांबद्दल ५००० डॉलर दंड झाला. मार्च २०१९ पासून सस्कॅचवानमध्ये १२१.५ तासांचे आणि अल्बर्टात ११३ तासांचे प्रशिक्षण सक्तीचे झाले. महामार्गावर धावणाऱ्या नव्या बसगाड्यांना सप्टेंबर २०२० पासून आसनपट्टे बसवणे केंद्र सरकारने बंधनकारक केले; आधीपासून धावणाऱ्या गाड्यांना हा नियम लागू नव्हता. हे बदल मृतांच्या पालकांनी प्रांताच्या राजधानीत आणि ओटावात जाऊन, पत्रे लिहून, पुन्हा पुन्हा मागितले होते. ज्यांना घरी बसून रडण्याचा पूर्ण अधिकार होता त्यांनी वाहन कायद्याची कलमे वाचली.

चालकाने जानेवारी २०१९ मध्ये सर्व २९ आरोपांची कबुली दिली : धोकादायक वाहन चालवून मृत्यू घडवल्याचे सोळा, आणि शारीरिक इजा केल्याचे तेरा. त्याने सौदा केला नाही, कुटुंबांना खटल्याच्या यातनेतून जावे लागू नये असे त्याने वकिलामार्फत सांगितले. शिक्षेची सुनावणी मेलफर्ट या गावात झाली, आणि न्यायालयाची इमारत अपुरी पडेल म्हणून ती एका क्रीडासंकुलात घेण्यात आली. कॅनडाच्या कायद्यानुसार गुन्ह्याने पीडित झालेल्यांना आपल्यावर झालेल्या परिणामाचे निवेदन न्यायाधीशांसमोर वाचता येते. येथे अशी जवळजवळ नव्वद निवेदने आली. आई, वडील, बहिणी, आजी-आजोबा, बिलेट कुटुंबे एकामागून एक उभी राहिली. त्यांत कमालीचा राग होता आणि कमालीची क्षमाही होती. मुख्य प्रशिक्षक डार्सी हॉगन यांच्या पत्नीने त्याला क्षमा केल्याचे सांगितले. एका खेळाडूच्या वडिलांनी त्याला प्रत्यक्ष भेटून क्षमा केली. आणि इतर अनेकांनी, तेवढ्याच प्रामाणिकपणे, आपल्याला क्षमा करता येत नाही असे सांगितले. यापैकी कोणालाही अधिक थोर किंवा अधिक कोता ठरवण्याचा अधिकार बाहेरच्या माणसाला नाही. मात्र बाहेरच्या वृत्तांतांनी क्षमा करणाऱ्यांना पुढे आणून इतरांवर एक न सांगितलेले दडपण आणले, हे खेदाने नमूद करावे लागते. सरकारी पक्षाने दहा वर्षे मागितली होती. २२ मार्च २०१९ रोजी न्यायाधीश इनेझ कार्डिनल यांनी आठ वर्षांची शिक्षा सुनावली.

चालक भारतातून आलेला कायम रहिवासी होता, म्हणजे त्याला त्या देशात राहण्याचा आणि काम करण्याचा हक्क होता पण नागरिकत्व नव्हते. सहा महिन्यांहून अधिक शिक्षा झालेल्या अशा रहिवाशाला तेथील कायद्याने देशाबाहेर घालवता येते. त्यामुळे तुरुंगातून पॅरोलवर सुटल्यावरही त्याचे प्रकरण संपले नाही, आणि कुटुंबांमधील जुनाच भेद पुन्हा उघडा पडला. काहींनी त्याला राहू द्यावे म्हणून पत्रे दिली, काहींनी त्याला परत पाठवलेच पाहिजे अशी पत्रे दिली. ज्या व्यवस्थेने त्याला अपुऱ्या शिक्षणानिशी रस्त्यावर सोडले, तिच्यातील कोणत्याही घटकाला त्याच्या तुलनेत नाव घेण्याजोगी शिक्षा झाली नव्हती; त्याचा अपराध याने कमी होत नाही, पण सोळा मृत्यूंचा सगळा भार एकाच माणसाच्या पाठीवर ठेवून मालवाहतुकीचा धंदा पूर्ववत चालू राहिला, ही गोष्ट क्षमा करणाऱ्या आणि न करणाऱ्या दोन्ही बाजूंच्या पालकांनी वेगवेगळ्या शब्दांत बोलून दाखवली. २४ मे २०२४ रोजी झालेल्या सुनावणीत स्थलांतर मंडळाला दोनच बाबी पाहायच्या होत्या : तो नागरिक आहे का, आणि त्याने गंभीर गुन्हा केला आहे का. पश्चात्ताप, क्षमा, त्याची वर्तणूक, कुटुंबांची पत्रे यांपैकी काहीही विचारात घेण्याचा अधिकार त्या टेबलाशी बसलेल्या व्यक्तीला नव्हता, आणि हद्दपारीचा आदेश थोड्याच वेळात देण्यात आला.